गोड बोलून

‘आपल्या बाजीरावाला गोड बोलून खाली उतरवलं, तोच ना हा माल्कम?’

काकांनी हे विचारलं तेव्हा ते ओसरीवर बसून लसूण सोलत होते. नोव्हेंबर संपत आला होता. महाबळेश्वरच्या बाजारपेठेमागच्या गल्लीत त्यांचं सहा खोल्यांचं जुनं लॉज आहे. अंगणात तांब्याचा बंब धुमसत असतो, जांभळीच्या ढलप्यांचा धूर धुक्यात मिसळून जमिनीलगत रेंगाळतो आणि आंघोळीच्या पाण्यालाही त्या धुराचा वास असतो. वडील होते तेव्हापासून आम्ही तिथेच उतरतो. निघायच्या दिवशी हिशेब मिटवायला गेले, तर नवं बिलबुक संपलं म्हणून त्यांनी ड्रॉवरच्या तळातून एक जुनं काढलं. पिवळ्या पडलेल्या कागदावर वर ठळक अक्षरांत छापलं होतं : ‘माल्कमपेठ, महाबळेश्वर, जि. सातारा’. ‘अजून माल्कमपेठ लिहिता?’ असं मी सहज म्हटलं आणि त्यावर त्यांचा हा प्रश्न आला. आवाजात राग नव्हता, टोमणाही नव्हता. इतिहासाच्या मास्तरांची मुलगी समोर आहे, तिला ठाऊक असणार, एवढंच. मी म्हटलं, ‘हो, तसंच काहीतरी.’ पैसे दिले, बिलाची घडी पर्समध्ये टाकली आणि गाडीत बसले.

पसरणीचा घाट उतरेपर्यंत ते ‘तसंच काहीतरी’ पायात कुसळ राहावं तसं टोचत राहिलं.

वडिलांनी वाईच्या शाळेत एकतीस वर्षं इतिहास शिकवला. मी त्यांच्याच वर्गात होते. पानिपत शिकवताना ते फळा भरून नकाशा काढायचे, खर्ड्याला तर रंगीत खडू आणायचे. पण ३ जून १८१८ आला की खडू खाली ठेवून हात झटकायचे आणि खिडकीशी जाऊन उभ्या उभ्या सांगायचे. त्या तारखेला नकाशा नसे. पुस्तकात ‘दुसरा बाजीराव माल्कमला शरण आला’ असं छापलेलं होतं, ते मात्र ‘स्वाधीन झाला’ म्हणायचे. घरी आल्यावर मी विचारलं, दोन्हींत फरक काय? ते ताटावर बसले होते. भाकरीचा तुकडा मोडता मोडता म्हणाले, ‘शरण माणूस शत्रूला जातो. स्वाधीन ओळखीच्या माणसाच्या होतो.’ तेव्हा मला ते काहीच कळलं नव्हतं. या वेळी घरी पोचल्या पोचल्या माळ्यावरची त्यांची ट्रंक खाली काढली. लांबोडक्या हिशेबाच्या वह्यांत ते टिपणं काढायचे. माल्कमवर सोळा पानं होती. पुढचे दोन महिने मी ती पानं आणि त्या अनुषंगाने हाताला लागेल ते वाचत होते.

पहिल्याच पानावर समासात पेन्सिलीने लिहिलं होतं : ‘वय १३. आपल्याकडचा आठवीतला मुलगा.’ जॉन माल्कम १७६९ साली स्कॉटलंडच्या एस्कडेल खोऱ्यात, बर्नफुट नावाच्या शेतावर जन्मला. सतरा भावंडं, मेंढरांची शेती, आणि वडिलांचा पैसा नको त्या व्यवहारात बुडालेला. अशा घरातली मुलं जमतील तशी बाहेर लावून द्यावी लागतात. तशी ही लावली गेली, कुणी आरमारात, कुणी कंपनीच्या फौजेत. लंडनला कंपनीच्या डायरेक्टरांपुढे हा पोरगा उभा राहिला, तेव्हा वयाने फारच लहान म्हणून ते त्याला परत पाठवायच्या बेतात होते. त्यांतल्या एकाने गमतीने विचारलं, ‘काय रे, हैदर अली भेटला तर काय करशील?’ पोरगा म्हणाला, ‘तलवार उपसून मुंडकं उडवीन त्याचं.’ लगेच नेमणूक झाली. १७८३ मध्ये तो मद्रासला उतरला, तेव्हा चौदा पुरे व्हायचे होते. पुढची काही वर्षं उनाडक्या आणि कर्ज यांत गेली. एकदा इतकी ओढ लागली की खायचे वांधे झाले, तेव्हा छावणीच्या बाजारातल्या एका म्हाताऱ्या बाईने त्याला उधारीवर शिधा घातला. माल्कमने ते पुढे आयुष्यभर लक्षात ठेवलं आणि हातात पैसा आल्यावर तिला पेन्शन बांधून दिली. या ओळीशी मी थांबले. काकांच्या ‘गोड बोलून’मध्ये ही म्हातारी कुठे बसवायची ते मला कळेना.

सैनिकाचा वकील, म्हणजे दरबारांत बोलणी करणारा दूत, कसा झाला, याचं उत्तर श्रीरंगपट्टणच्या छावणीत आहे. १७९२ च्या सुमारास टिपूशी तहाची बोलणी चालली होती. माल्कमने तिथे पाहिलं की पलटणीत शंभर जण आहेत, पण तंबूत बसून बोलणाऱ्यांना फारसी येते आणि सगळी किल्ली त्यांच्या हातात आहे. त्याने मुनशी ठेवला आणि फारसीला जुंपून घेतलं. ज्या पोराला एस्कडेलमध्ये गुरुजी वात्रट म्हणून ओळखत, ज्यांचं पालुपदच होतं की कुठे काही उपद्व्याप झाला की मुळाशी जॉकच (म्हणजे जॉनच) असणार, तो पोरगा भाषा शिकायला मात्र हट्टाने बसला. (१८१५ साली त्याचा इराणचा जाडजूड इतिहास छापून आला, तेव्हा त्याने एक प्रत या गुरुजींना पाठवली आणि आत त्यांचंच वाक्य लिहिलं, याच्याही मुळाशी जॉकच आहे. शिक्षकाच्या पोरीला हे वाचताना काय वाटलं ते वेगळं सांगायला नको.) हैदराबादला रेसिडेंटच्या, म्हणजे निजामाकडच्या कंपनीच्या प्रतिनिधीच्या, हाताखाली काही महिने काढून, टिपूच्या शेवटच्या लढाईत निजामाच्या फौजेबरोबर हजेरी लावून, तिशीच्या उंबरठ्यावर तो इराणच्या शहाकडे कंपनीचा वकील म्हणून निघाला. फतेह अली शहाच्या राज्यात कुणी कुठे बसायचं, कुणी कुणासाठी उठायचं, यावर तो अडून बसला आणि नजराण्यांत त्याने इतका पैसा ओतला की कंपनीच्या कारकुनांचे डोळे पांढरे झाले. पण १८०१ च्या जानेवारीत तह घेऊन बाहेर पडला. सहा फुटांवर उंची, खणखणीत हसू, पहाटे घोड्यावर रपेट, शिकार, आणि बसल्या बैठकीत गोष्टींवर गोष्टी. समोरच्याला आपण याचे फार जुने मित्र आहोत असं तासाभरात वाटावं, ही त्याची ताकद होती. १८१० च्या इराण भेटीत त्याने तिथे बटाटा नेला, तर लोक त्याला ‘आलू-ए-माल्कम’ म्हणू लागले. आलुबुखाऱ्यातलं आलू, म्हणजे माल्कमचं फळ. तहाची कलमं कधीच कालबाह्य झाली, पण हे नाव कुणाच्या तरी स्वयंपाकघरात बरीच वर्षं राहिलं असणार.

बाजीरावाशी त्याची ओळख १८०३ पासूनची. वसईच्या तहानंतर सेनापती आर्थर वेलस्लीने फौज आणून बाजीरावाला पुण्याच्या गादीवर परत बसवलं, तेव्हा माल्कम वेलस्लीबरोबर होता. मग चौदा वर्षांनी, १८१७ च्या ऑगस्टमध्ये, दोघे पुन्हा भेटले ते साताऱ्याजवळ माहुलीला.

माहुली मला पायाखालची. कृष्णा आणि वेण्णा तिथे मिळतात, आणि दोन्ही येतात महाबळेश्वराहून. श्रावणात घाटाच्या निम्म्या पायऱ्या पाण्याखाली जातात, पाणी लाल मातीचं, चहासारखं, आणि देवळाच्या ओल्या दगडाला वटवाघळांचा उग्र वास. बाजीराव तिथे तीर्थवासाला गेला होता. जूनमध्येच पुण्याचा इंग्रज रेसिडेंट एल्फिन्स्टनने त्याच्याकडून अपमानाचा तह लिहून घेतला होता आणि सिंहगड, पुरंदर, रायगड तारण म्हणून काढून घेतले होते. माल्कम तिथे गेला आणि बाजीरावाने मन मोकळं केलं : मी तुमच्याशी एकनिष्ठ आहे, मला अकारण दुखावलं. माल्कमला ते पटलं. पेंढाऱ्यांवरच्या मोहिमेसाठी फौज उभी करा, मनापासून साथ द्या, सगळं पूर्ववत होईल, असं सांगून तो निघाला. किल्लेही परत मिळाले. एल्फिन्स्टनला हा भाबडेपणा वाटत होता आणि तो खरा ठरला. त्याच फौजेनिशी ५ नोव्हेंबरला बाजीराव खडकीला इंग्रजांवर चालून गेला.

म्हणजे माहुलीच्या घाटावर गोड कोण बोललं? वडिलांनी या पानावर काही लिहिलेलं नाही, फक्त तारखेखाली दोन रेघा ओढल्यात. मला वाटतं, त्या दिवशी दोघेही गोड बोलले आणि त्या क्षणापुरतं दोघांनाही ते खरं वाटत होतं. बाजीरावाला खरंच कुणापाशी तरी रडगाणं गायचं होतं. माल्कमला खरंच वाटत होतं की माणूस विश्वासाने जिंकता येतो. फरक एवढाच की एकाच्या मागे उभं राज्य कोसळत होतं आणि दुसऱ्याच्या मागे कंपनी उभी होती.

डिसेंबरात माल्कम पुन्हा सैनिक झाला. २१ डिसेंबर १८१७ ला महिदपूरला क्षिप्रेच्या पलीकडे होळकरांच्या तोफा लागल्या होत्या, आणि नदी ओलांडून त्या तोफांवर चाल करणाऱ्या पलटणींच्या पुढे तो होता. कंपनीचे पावणेआठशे माणूस मेले-जखमी झाले, होळकरांचे त्याच्या कितीतरी पट. आदल्याच दिवशी होळकरांच्या फौजेने कारभार पाहणाऱ्या आपल्याच तुळसाबाईला ठार केलं होतं, आणि गादीवरचा मल्हारराव हा लहान पोरगा होता. दोन आठवड्यांत मंदसोरला तह झाला, तोही माल्कमनेच केला. सकाळी तलवार आणि संध्याकाळी दौत, असं त्याच्या आयुष्यात पुन्हा पुन्हा येतं. मला मात्र त्याचं तलवारीचं काम सोपं वाटतं. लढाईत हेतू लपवावा लागत नाही.

मग खेरी.

कोरेगाव झालं, आष्टीला बापू गोखले पडले, सातारकर छत्रपती इंग्रजांच्या हाती लागले, चांद्याकडे पळता पळता शिवणीला पुन्हा मार बसला. सात महिने बाजीराव धावत होता. मे अखेर तो असीरगडाच्या परिसरात येऊन थांबला, चारी बाजूंनी कंपनीच्या फौजा, पाऊस तोंडावर, बरोबरची माणसं रोज कमी होत चाललेली. त्याने वकील पाठवले ते माल्कमकडे. १ जूनला संध्याकाळी माल्कम मोजकी माणसं घेऊन खेरीला त्याच्या गोटात गेला. भर दरबारात थोडं बोलणं झालं आणि मग बाजीराव त्याला बाजूच्या एका छोट्या तंबूत घेऊन गेला. मी तो तंबू डोळ्यांपुढे आणायचा पुष्कळ प्रयत्न केला. जूनचा उकाडा, पाऊस न पडलेली निमाडची रात्र, समईच्या तेलाचा वास, बाहेर घोड्यांचं फुरफुरणं. दोघे त्रेचाळीस आणि एकोणपन्नास वर्षांचे. बाजीराव त्याला म्हणाला की माझे तीन मित्र होते, क्लोज (पुण्याचा आधीचा रेसिडेंट), वेलस्ली आणि तुम्ही. एक वारला, एक दूर विलायतेत, आता तुम्ही एकटेच उरलात. राज्य बुडत असताना पेशव्याने मोजलेली आपली माणसं, आणि तिन्ही इंग्रज! वडिलांच्या वहीत या ओळीपाशी शाई पसरलेली आहे. पेन टेकवून ते तिथे बराच वेळ थांबले असावेत.

रात्री दहाला माल्कम उठला. पेशवेपद देता येणार नाही, दख्खनमध्ये राहता येणार नाही, हे त्याने त्या तंबूत आडपडदा न ठेवता सांगितलं होतं. मग लेखी कलमं पाठवली : स्वतःसाठी आणि वारसांसाठी राज्यावरचा हक्क सोडायचा, उत्तरेत काशी किंवा दुसऱ्या एखाद्या तीर्थक्षेत्री जाऊन राहायचं, सालीना निदान आठ लाख रुपये मिळतील, पदरच्या जहागीरदारांना आणि घराण्याने चालवलेल्या देवस्थानांना सांभाळून घेतलं जाईल. उत्तराला एक दिवस. ३ जूनला सकाळी बाजीराव माल्कमच्या छावणीत येऊन दाखल झाला. शत्रूला नव्हे, ओळखीच्या माणसाला.

इथे मला आमचा गंगापुरीतला वाडा आठवल्याशिवाय राहत नाही. आजोबा गेल्यावर भाऊबंदकी उठली. घरात बोलणं बंद, विहिरीवर वेगवेगळ्या वेळा. मध्यस्थीला घरोब्यातले एक गृहस्थ होते. आजीच्या हातची आमसुलाची कढी त्यांना आवडायची. ते यायचे, झोपाळ्यावर बसायचे, आजीच्या गुडघ्यांची चौकशी करायचे, आजोबांच्या आठवणी काढायचे. वाद मिटवायचा तर वाडा विकणं हाच मार्ग, हे त्यांनी महिनाभरात तिच्या गळी उतरवलं. जबरदस्ती नाही, आवाज नाही. रजिस्टर कचेरीत हक्कसोडपत्रावर आजीने एकेक अक्षर जपून काढत सही केली, अंगठ्याला लागलेली निळी शाई पदराला पुसली आणि म्हणाली, ‘देवघर तेवढं नीट काढा हो.’ तेव्हा त्या गृहस्थांचे डोळे भरून आले होते. मी अकरा वर्षांची होते, अगदी शेजारी उभी होते, ते डोळे खोटे नव्हते. त्यांनी बोललेलं सगळं पाळलंही. ठरलेली रक्कम दर महिन्याला स्वतः आणून द्यायचे, आजी जाईपर्यंत एक दिवाळी चुकवली नाही. वाडा घेणाऱ्याशी त्यांचं बोलणं पहिल्या दिवसापासून झालेलं होतं, हे आम्हाला फार उशिरा कळलं. वडील त्यांच्याबद्दल कधी वाईट बोलले नाहीत. पण त्यांचा विषय निघाला की उठून खिडकीशी जायचे.

गव्हर्नर जनरल हेस्टिंग्जला आठ लाख फार वाटले. पळून पळून दमलेला माणूस, थोडा धीर धरला असता तर फुकट हाती लागला असता. माल्कमचं म्हणणं, पावसाळाभर युद्ध रेंगाळलं असतं, बाजीराव असीरगडात शिरला असता तर खर्च याहून मोठा झाला असता, आणि शिवाय इतक्या उंचीवरून खाली आलेल्या माणसाशी उदारपणे वागणं कंपनीच्या नावाला शोभतं. हे हिशेबाचं बोलणं की मनाचं? मी त्याची कागदपत्रं जितकी वाचली, तितकी त्या दोन गोष्टी त्याच्यात वेगळ्या करता येईनात. आपण चांगलं वागतो म्हणूनच आपलं राज्य टिकेल, यावर त्याचा पक्का विश्वास होता. चांगुलपणाच त्याचं हत्यार होता, आणि त्याला तो हत्यार वाटत नव्हता. बाजीराव फार जगणार नाही असा अंदाज होता. तो कानपूरजवळ ब्रह्मावर्तास, बिठूरला, गंगेकाठी २८ जानेवारी १८५१ पर्यंत जगला. साडेबत्तीस वर्षांचे अडीच कोटींहून अधिक रुपये कंपनीने मोजले. माल्कम त्याच्या कितीतरी आधी, १८३३ मध्येच लंडनला वारला होता.

या सगळ्यात मला त्याच्याविषयी खरी माया वाटली ती माळव्यात. १८१८ नंतरची तीन-चार वर्षं तो महूच्या आसपास राहिला. उजाड झालेली गावं, पेंढारी, भिल्ल, रजपूत ठाकूर, कर्जात बुडालेले संस्थानिक, सगळ्यांची भांडणं याच्यापुढे. आपल्या दाराला मज्जाव नाही हे सांगताना तो आपलेच शब्द वापरायचा, ‘चार दरवाजे खुले’. कुणीही कधीही आत यावं, मध्ये चोपदार नाही, लाचेला जागा नाही. आणि या काळात तो लोकांना अहिल्याबाईंबद्दल विचारत हिंडला. त्या जाऊन पंचवीस वर्षं होत आली होती, त्यांना पाहिलेली माणसं हयात होती. सुरुवातीला त्याला वाटलं, मेलेल्या राणीची ही नेहमीची स्तुती आहे. म्हणून त्याने वेगवेगळ्या जातीच्या, वेगवेगळ्या पक्षाच्या माणसांना खोदून खोदून विचारलं, आणि सगळीकडून तेच ऐकू आलं. एका ब्राह्मणाने त्यांच्या स्तुतीचा ग्रंथ रचून आणला, बाईंनी शांतपणे ऐकून घेतला, मी एक दुबळी पापी बाई, एवढ्या स्तुतीला पात्र नाही असं म्हणाल्या आणि ग्रंथ नर्मदेत टाकायला लावला, ही आपण लहानपणापासून ऐकलेली गोष्ट १८२३ मध्ये त्याने लिहून ठेवली आहे. महिदपूरला ज्याने होळकरशाहीचं कंबरडं मोडलं, त्यानेच होळकरांच्या सुनेची आठवण इतक्या आदराने टिपली. वडिलांनी या पानाच्या खाली लिहिलंय : ‘ऐकणारा माणूस.’ त्यापुढे प्रश्नचिन्ह काढून खोडलेलं आहे.

मुंबईची गव्हर्नरी त्याला हवी होती तेव्हा एल्फिन्स्टनला मिळाली, आणि त्याने ते फार लावून घेतलं. मिळाली ती १८२७ च्या नोव्हेंबरात. तीन वर्षांत त्याची पावलं आपल्याकडे जागोजागी उमटली. बोरघाटातून गाड्या जाऊ लागल्या त्या १८३० मध्ये त्याच्याच हस्ते, त्याच वर्षी मुंबईहून सुएझला पहिली आगबोट गेली, आणि राजकोटला स्वामिनारायण पंथाच्या सहजानंद स्वामींनी आपली शिक्षापत्री त्याच्या हाती दिली. पण नाव राहिलं ते डोंगरावर. सातारच्या प्रतापसिंह महाराजांकडून त्याने १८२९ च्या तहाने महाबळेश्वर घेतलं, बदल्यात खंडाळा गाव दिलं. महाराजांनी साताऱ्याहून वर येणारा रस्ता आपल्या खर्चाने बांधून दिला. आजारी गोऱ्यांसाठी बंगले झाले, बाजार बसला, पेठेला साहेबाचं नाव पडलं. पुढे मलाया-चीनकडून आणलेल्या कैद्यांनी उतारावर भाजीपाल्याचे वाफे लावले आणि महाबळेश्वरचा बटाटा मुंबईत नावाजला जाऊ लागला. ते वाचून मला पुन्हा ‘आलू-ए-माल्कम’ आठवलं. प्रतापसिंहांना मात्र दहा वर्षांतच गादीवरून काढून काशीला पाठवलं. तिथेच ते १८४७ मध्ये गेले, आणि वर्षभरात साताराही खालसा झाला. ज्यांनी राज्य सोडलं ते बिठूरला, ज्यांनी डोंगर दिला ते काशीला. कृष्णा-वेण्णेच्या पाण्यावर वाढलेली दोन्ही घरं गंगेला लागली. ते करणारा माल्कम नव्हता, तो तेव्हा जिवंतही नव्हता. पण दरवाजा उघडून आत कसं यायचं हे त्याच्या माणसांना त्याने दाखवून ठेवलं होतं.

मुंबईला एशियाटिकमध्ये त्याचा पांढरा संगमरवरी पुतळा आहे, शिल्पकार चँट्रीच्या हातचा. गेल्या महिन्यात मुद्दाम जाऊन पाहून आले. दुपारची वेळ, उंच छतातून पंख्याचा संथ आवाज, जुन्या पुस्तकांचा दमट वास. मी पुतळ्याच्या तोंडाकडे बराच वेळ पाहिलं. मला तिथे लबाडी शोधायची होती, म्हणजे काकांना ठाम उत्तर देता आलं असतं. चेहरा दिलदार आहे.

ट्रंकेत वह्यांच्या खाली एक फोटो सापडला. काका तिशीतले, बंबाशी उभे, हातात फुंकणी. मागे वडिलांच्या अक्षरात सालही आहे. त्याची प्रत काढून पाठवावी म्हणून मी फोन केला, पत्ता विचारायला. काका म्हणाले, ‘त्या दिवशी तुम्ही उत्तर दिलं नाहीत.’ म्हणजे त्यांच्याही लक्षात होतं. मग मी त्यांना सगळं सांगितलं, माहुली, खेरी, छोटा तंबू, तीन मित्र. अर्धा तास तरी बोलत असेन. ते मध्ये ‘हं’ देखील म्हणाले नाहीत. संपल्यावर त्यांनी विचारलं, ‘आठ लाख वेळच्या वेळी मिळायचे?’

‘हो. शेवटपर्यंत.’

‘म्हणजे साहेबानं शब्द पाळला.’

‘पाळला.’

पलीकडे बंबाचं झाकण ठेवल्याचा आवाज आला. ‘आणि मागं मुलगा होता ना? नानासाहेब. दत्तक.’

‘त्याला दिले नाहीत. बाजीराव गेले तेव्हाच बंद केले.’

काका थोडा वेळ गप्प राहिले. मग पत्ता सांगायला लागले. लॉजचं नाव, गल्ली, बाजारपेठ. मी लिहून घेत होते. ‘माल्कमपेठ घालू का?’ मी विचारलं. ‘नुसतं महाबळेश्वर लिहिलंत तरी पोचतं,’ ते म्हणाले, ‘पोस्टमन घरातलाच आहे.’ फोन ठेवला. पाकीट समोर होतं, पेन हातात होतं. वडील जसं लिहायचे तसं मी सावकाश, जाड अक्षरात लिहिलं, ‘माल्कमपेठ’, आणि त्याच्या खाली ‘महाबळेश्वर’.